सूर सोडण्याचं काम

७ ऑक्टोबर, मंगळवार

खर्ज्या, आधी माफी मागतो. गाडीत बसताना तू ही वही माझ्या हातात कोंबलीस आणि म्हणालास, "दर तालमीचं लिहून ठेव, भरली की पाठवून दे." त्याला सात आठवडे झाले आणि मी पहिलं पान आज उघडतोय. कारण खोटं सांगत नाही. वही कापडी बांधणीची, इतकी चांगली, आणि माझं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय. चौथीनंतर मी जे लिहिलं ते वखारीत, लाकडावर, खडूनं. चुकलं तर तळहातानं पुसायचो. इथे पुसता येत नाही या धास्तीनं वही कपाटातच राहिली. काल पाहिलं तर हिनं तिच्यावर डाळीचा डबा ठेवलेला. लाज वाटली.

वही पोस्टात गहाळ झाली तर? ज्याला सापडेल त्याला कळावं म्हणून सगळं नीट लिहितो. खर्ज हे माझ्या मित्राचं नाव नाही. अडतीस वर्षं तो आणि मी चर्चच्या गायकवृंदात बासच्या, म्हणजे सगळ्यात खालच्या आवाजाच्या, रांगेत शेजारी उभे राहिलो. त्याचा आवाज इतका खालचा, की लोक म्हणायचे, हा गातो तेव्हा बाक गातो. औषधांच्या दुकानात कंपाउंडर होता. गुडघे गेले म्हणून मुलीकडे राहायला गेला आणि जाताना स्वतःचं काम माझ्या गळ्यात घालून गेला.

ते काम म्हणजे सूर सोडणं. आम्ही कोराल गातो, म्हणजे चार आवाजांत गायचं जुनं भक्तिगीत. सगळी मंडळी गाते, गायकवृंद नुसता पुढे चालतो. दर ओळीच्या शेवटी कागदावर एक खूण असते, ठिपका आणि वर कमान. डोळा आणि भुवई. आम्ही तिला डोळाच म्हणतो. डोळा आला की सगळ्यांनी सूर धरून ठेवायचा. किती वेळ? ते ऑर्गन ठरवत नाही, पाळकसाहेबही ठरवत नाहीत. बासच्या रांगेतला सगळ्यात जुना माणूस ठरवतो. तो सोडतो तेव्हा सगळे सोडतात आणि श्वास घेतात. नियम एकच, मलाही तूच शिकवलास: सूर मागच्या भिंतीपर्यंत जातो, तिथून परत येतो, तो परत आलेला ऐकला की सोडायचा.

मला जमेल का, हा प्रश्न मी तुला निरोपाच्या दिवशी विचारणार होतो. राहिला.

९ ऑक्टोबर, गुरुवार

गायकवृंदाची नवी संचालिका आली. चाळिशीची असेल. सोबत लाकडाचं एक टिकटिक करणारं यंत्र. तिनं ते ऑर्गनवर ठेवलं आणि चावी दिली. मी शिंप्याला म्हटलं, "घड्याळबाई आली." तो हसला. (शिंपी म्हणजे आपल्याच रांगेतला, तुझ्या जागी आता तो उभा राहतो. पन्नाशीचा आहे आणि स्वतःला पोरगा समजतो.)

बाई सगळ्यांना गाण्यांच्या वह्या उघडायला लावते. मीही उघडली. स्वरलिपी मला वाचता येत नाही हे फक्त तुला ठाऊक आहे. तू गायचास आणि मी तुझ्या मागोमाग, आणि एकदा बसलेलं माझं हलत नाही. (हे पान पाठवण्याआधी फाडायचं.)

मग डोळ्यावरून वाद झाला. बाई म्हणाली, "या खुणेचा अर्थ ओळ संपली, श्वास घ्या, एवढाच. तिथे तंबू ठोका असा नाही." सगळे हसले. तिनं सांगितलं, ल्यूथरच्या काळात मंडळीच्या तोंडी ही गाणी आली तेव्हा ती चालत्या पावलांची होती, पुढे पिढ्यान्‌पिढ्या संथ होत गेली.

मी उठून म्हटलं, "होऊ देत संथ. देवाला कुठे गाडी पकडायचीय?"

"देवाला नाही, काका," ती म्हणाली, "पण सोप्रानोच्या रांगेतल्या मास्तरीणबाईंना दमा आहे."

परत हसले. मीही हसलो, पण घरी येईपर्यंत ते मला टोचत राहिलं. मला हसले की मास्तरीणबाईंना?

एक मात्र खरं. तू गेल्यापासून सोप्रानोच्या, म्हणजे सगळ्यात वरच्या आवाजाच्या, बायकांच्या आवाजात दम राहिला नाही. तोंडं उघडतात मोठमोठी आणि आवाज बाहेर येतो उंदराचा.

१२ ऑक्टोबर, रविवार

उपासना. मी सूर धरला आणि काय सांगू तुला, सगळी मंडळी माझ्याबरोबर धरून राहिली. एकानंही आधी सोडला नाही. तुझ्या वेळीही इतका लांब डोळा कुणी धरला नसेल. उगाच फुशारकी नको, पण माझी छाती भरून आली.

अडचण एकच. भिंतीवरून सूर परत येत नाही. मी वाट पाहतो, वाट पाहतो, शेवटी श्वास संपतो म्हणून सोडावा लागतो. तू गेल्यावर मागच्या भिंतीला रंग दिलाय, पिवळसर ऑइलपेंट. त्या रंगानंच सूर गिळलाय. दुसरं काय असणार?

बाहेर पाळकसाहेब माझा हात हातात घेऊन म्हणाले, "आज प्रार्थना अगदी मनापासून झाली माझी, दर ओळीला." आणि कपाळ पुसलं. भला माणूस.

 घरी आल्यावर ही म्हणाली, "आज उपासना पंचवीस मिनिटं लांबली."

"चांगलं झालं की."

"मी कुठे वाईट म्हटलं?" आणि चप्पल काढून आत गेली.

१४ ऑक्टोबर, मंगळवार

रंगाऱ्याला गाठलं. म्हटलं, तुझ्या रंगात असं काय घालतोस की आवाज परत येत नाही? तो शिडीवरून खाली उतरला. "काका, तीस वर्षं भिंती रंगवतोय. पोपडे आले, ओल आली, शेजारणीला रंग आवडला नाही, सगळ्या तक्रारी ऐकल्या. भिंतीनं गाणं खाल्लं ही पहिलीच."

ऑइलपेंटनं आवाज उलट जास्त घुमतो, असंही म्हणाला. रंगारी आपल्या रंगाला वाईट कशाला म्हणेल?

२० ऑक्टोबर, सोमवार

घरात कुठलंसं यंत्र चालतं. बारीक, चिरका आवाज, करवत ओल्या लाकडात अडकली की येतो तसा. सकाळी सुरू होतो तो थांबत नाही. मी हिला म्हटलं, फ्रिज बिघडलाय. तिनं फ्रिजचं बटण बंद केलं. आवाज चालूच. मग पंखा बंद. मग मी शेजाऱ्याकडे गेलो, त्याच्याकडे मोटार आहे पाण्याची. तो म्हणाला, मोटार दोन महिन्यांपासून जळलेली आहे. वरच्या मजल्यावर जाऊन पाहिलं. तिथे कुलूप.

परत आलो तेव्हा ही फ्रिजमधलं वितळलेलं पुसत होती. म्हणाली, "सापडला का चोर?"

"थट्टा करू नकोस. तुला खरंच ऐकू येत नाही?"

ती फडकं पिळत राहिली. मग म्हणाली, "नाही हो."

माझ्यापेक्षा चार वर्षांनी लहान आहे आणि कान गेले हिचे. मला वाईट वाटलं. मी तो विषय वाढवला नाही.

२३ ऑक्टोबर, गुरुवार

आज जीव मुठीत धरून बसलो होतो. बाईनं एकेकाला वेगळं बोलावून गायला लावलं. पुढच्या महिन्यात, सोळा तारखेला, चर्चच्या इमारतीला शंभर वर्षं होतात. त्या दिवशी रेकॉर्डिंग आहे. तेव्हा कोण कुठे उभा राहणार आणि कोण राहणार नाही हे तिनं ठरवायचंय. आल्टोच्या रांगेतली सुतारीण रडत बाहेर आली, पण ती लग्नातही रडते.

माझी पाळी आली. गाण्यांची वही पुढे ठेवून बाई म्हणाली, "गाणं एकेचाळीस, बासची ओळ." वाचायला लावते की काय? पण एकेचाळीस मला झोपेत येतं. ती ऑर्गनवर सूर देत होती, फार हळू, मध्येच थांबून माझ्याकडे पाहत होती. मी वहीत बोट फिरवत चारही ओळी म्हटल्या. एक जागा चुकली नाही. पूर्ण होईपर्यंत ती वाजवायची थांबली होती, नुसती हात मांडीवर ठेवून ऐकत होती.

"हे तुम्ही नेहमी याच पट्टीत गाता?" तिनं विचारलं.

"अडतीस वर्षं. एक केसभर इकडे नाही की तिकडे नाही."

"मी आज दोन सूर खालून वाजवत होते, काका."

"असेल," मी म्हटलं. "मी वरूनच गातो."

 मग तिनं माझं बाकीचं विचारलं. कुठे काम करायचात? म्हटलं, लाकडाच्या वखारीत, मोठ्या करवतीवर, चौतीस वर्षं. कानाला काही लावायचात का? म्हटलं, थंडीत टोपी लावायचो.

मला वाटतं मी पास झालो. पट्टी बदलून ती मला ढळवू पाहत होती आणि मी ढळलो नाही. स्वरलिपीचंही बिंग फुटलं नाही. घरी येऊन दोन वेळा चहा घेतला.

२४ ऑक्टोबर, शुक्रवार

पास झालो तर ती हसली का नाही?

३० ऑक्टोबर, गुरुवार

यांचं काहीतरी शिजतंय. तालमीला लवकर पोचलो तर फाटकाशी तिघं उभी, बाई, शिंपी आणि आमची ही. हिचं काय काम तिथे? मी जवळ गेलो तर तिघंही गप्प. शिंपी म्हणाला, "काका, आज लवकर?" जसा काही मी उशिरा येणार असं ठरलं होतं.

परत येताना हिला विचारलं.

"काही नाही, कानाच्या डॉक्टरांचं चाललं होतं. शिंपीदादांच्या मेव्हणीनं त्यांना दाखवलं होतं."

"कुणाच्या कानाचं?"

"आपण दोघंही दाखवू की. या वयात दाखवावं."

"तू दाखव. मला काही झालं नाही."

"अहो, मी तासभर बडबडते आणि तुम्ही हो म्हणता. काल मी म्हटलं, मी माहेरी जाते कायमची, तर म्हणालात, बरं, येताना साबण आण."

"तुझं माहेर पुढच्या गल्लीत आहे, साबण वाटेतच मिळतो." असं बोललो खरा, पण तिनं हे कधी म्हटलं ते मला आठवत नाही. रात्रीपर्यंत आठवत बसलो.

मला वाटतं ते असं आहे. शिंप्याला तुझी जागा मिळाली, आता माझी हवीय. आणि मला काढायचं तर वयाचं कारण बरं दिसत नाही, म्हणून कान काढले. (हे पानही फाडायचं. शिंप्यानं मागच्या वर्षी माझ्या कोटाचं अस्तर फुकट बदलून दिलं होतं.)

२ नोव्हेंबर, रविवार

डोळे धरले. भिंत मुकीच. सोप्रानोतल्या मास्तरीणबाई दुसऱ्या कडव्याला खाली बसल्या. पाणी दिलं त्यांना कुणीतरी.

६ नोव्हेंबर, गुरुवार

आज मी तालीम सोडून निघून आलो. अडतीस वर्षांत पहिल्यांदा.

झालं असं. शिंपी सगळ्यांसमोर म्हणाला, "काका, डोळा जरा आवरता घेऊ या का? चार मोजू आणि सोडू." चार मोजू! म्हणजे भिंतीला विचारायचंच नाही. मी म्हटलं, तू कापड मोज, सूर मोजू नकोस. तो म्हणाला, "काका, मागच्या रविवारी मी मोजले. एकवीस झाले. माझ्या डोळ्यांपुढे काजवे चमकले."

"मग सोडायचा होतास!"

"तुमच्या आधी कसा सोडणार?" तो असं बोलला आणि त्याचा चेहरा उतरला, जसं काही मीच त्याला मारलं.

मी गाण्यांची वही बाकावर आपटली आणि आलो. फाटकापर्यंत येईपर्यंत मागून कुणी हाक मारली नाही. निदान मला ऐकू तरी आली नाही. ही म्हणते, चौघांनी मारल्या.

८ नोव्हेंबर, शनिवार

बाई घरी आली. माझी गाण्यांची वही घेऊन. हिनं तिला आतल्या खोलीत माझ्यासमोर बसवलं आणि स्वतः दारात उभी राहिली. एक कबूल करतो, बाई घरी फार स्पष्ट बोलते. समोर बसून, तोंडाकडे पाहून. चर्चमध्ये पाठमोरी पुटपुटते ती हीच का असं वाटलं.

ती म्हणाली, "काका, मी डोळे काढून टाकू शकते. यंत्र लावून सरळ गाऊ. रेकॉर्डिंगला सोपं जाईल."

मी म्हटलं, "काढा मग. मला कशाला विचारता?"

"मला काढायचे नाहीत. मी सहा ठिकाणी शिकवलं, पण एक माणूस सोडेपर्यंत आख्खी मंडळी धरून राहते असं कुठे पाहिलं नाही. पहिल्या दिवशी मी थट्टा केली, ती चूक झाली. पण हे चालायचं तर सोडणाऱ्याला बाकीचे ऐकू यायला हवेत. मला खरं सांगा. लोक दमले, लोक थांबले, हे तुम्हाला कळतं?"

"ते थांबतच नाहीत," मी म्हटलं. "मी सोडेपर्यंत एकही थांबत नाही."

"तेच तर," ती म्हणाली.

मला बरं वाटलं. शेवटी तिनं मान्य केलं. म्हणाली, सोळा तारखेला तुम्हीच सोडा, मात्र शिंपीदादा तुमच्या अगदी शेजारी, चिकटून उभे राहतील. मी म्हटलं, राहू देत, जागा आहे.

ती गेल्यावर ही दाराआड डोळे पुसत होती. मी जिंकलो तर हिनं का रडावं? विचारलं. म्हणाली, "काही नाही, तुमचं बोलणं ऐकून." माझं बोलणं ऐकायला आली आयुष्यभर, आज काय विशेष?

१३ नोव्हेंबर, गुरुवार

शेवटची तालीम. आज नवल झालं. पाय दुखत होते म्हणून मी ऑर्गनच्या पेटीला टेकलो, तळहात लाकडावर. आणि एकदम सगळं आलं, तुझ्या वेळेसारखं, खालचे सूर तर कोपरापर्यंत. हात काढला की गेलं. ठेवला की आलं. वखारीतही मी फळीवर हात ठेवून सांगायचो, पातं सरळ चाललंय की नाही. पण गाण्याचं असं का व्हावं?

मी हे कुणाला सांगितलं नाही. सोळा तारखेला माझी जागा ऑर्गनपासून चार पावलं दूर आहे.

धास्ती वाटते. कशाची ते सांगता येत नाही.

१७ नोव्हेंबर, सोमवार

काल झालं. सकाळपासून लिहायला बसतोय आणि उठतोय. आता एका दमात लिहितो.

चर्च भरलं होतं. मागे उभे राहिलेले लोक धरून तीनशे तरी असतील. पहिली दोन कडवी ऑर्गनबरोबर झाली. मी धरलं, सोडलं, भिंत नेहमीसारखी मुकी. तिसरं कडवं आपल्याकडे ऑर्गनशिवाय, नुसत्या आवाजांचं, ते तुला माहीत आहे. दुसऱ्या ओळीच्या मध्यावर मला ठसका आला. रेकॉर्डिंग चालू, म्हणून मी रुमाल तोंडावर दाबला आणि गायचा थांबलो.

खर्ज्या, तिथे काहीच नव्हतं.

तीनशे तोंडं उघडत होती, मिटत होती आणि मला फक्त ती करवत ऐकू येत होती. फ्रिजमधली, शेजाऱ्याकडची, वरच्या मजल्यावरची. ती चर्चमध्येही होती. ती माझ्याबरोबर आली होती. आजवर मी गात होतो म्हणून मला वाटत होतं गाणं चाललंय. मी स्वतःलाच ऐकत होतो, हाडांतून.

मग ओळ संपली असावी, कारण तोंडं उघडी ती उघडीच राहिली. डोळा आला होता. ते धरून होते. माझा आवाज नाही, म्हणून सगळे माझ्याकडे बघायला लागले. सोप्रानो, टेनर, पहिल्या बाकावरची म्हातारी माणसं. मास्तरीणबाईंचा चेहरा लाल झाला होता. आमची ही तिसऱ्या बाकावर, मानेची शीर तटतटलेली, दूध उतू जायला आलं की बघते तशी माझ्याकडे बघत होती. आणि एकानंही सोडला नाही. किती रविवार मी या लोकांना असं टांगून ठेवलं होतं? मी भिंतीची वाट पाहत होतो आणि ते माझी.

मला काय करावं सुचेना. तेवढ्यात शिंप्यानं माझं कोपर धरलं. जोरात नाही. बोटांनी एकदा दाबलं. मी रुमाल खाली केला आणि मान हलवली. तीनशे तोंडं एकदम मिटली. सगळ्यांचे खांदे खाली आले.

पुढच्या ओळीला मी गायलो. शेवटी त्यानं कोपर दाबलं, मी सोडला. त्याच्या पुढच्या ओळीलाही. चारच्या आसपास मोजत असावा. मी भिंतीकडे पाहिलंही नाही.

नंतर लोक भेटायला आले, हात हातात घेतले, काय बोलले देव जाणे. मी हो हो म्हटलं. शिंपी जवळ येईना. मीच गेलो. म्हटलं, "अस्तर चांगलं लावलंस मागे, अजून टिकलंय." तो हसला आणि तोंड फिरवून उभा राहिला.

घरी येताना हिनं माझा हात धरला होता. मी तिला म्हटलं, "फ्रिज चांगला आहे."

"हो," ती म्हणाली. हे मला कळलं, कारण ती थांबून, माझ्यासमोर येऊन बोलली.

१९ नोव्हेंबर, बुधवार

कानाच्या डॉक्टरकडे गेलो. गादीच्या भिंतींची एक खोली असते, त्यात बसवतात आणि हातात बटण देतात. ऐकू आलं की दाबायचं. मी बराच वेळ बसून राहिलो, वाटलं अजून सुरू व्हायचंय. काचेपलीकडे डॉक्टरीणबाई एकेक खूण करत होती. निकाल तिनं कागदावर लिहून दाखवला. बारीक आवाज जवळजवळ सगळे गेलेत, जाडे अर्धे राहिलेत. करवत जाणार नाही, ती माझीच आहे. कानात घालायचं यंत्र मिळेल, त्यानं बोलणं कळेल, पण गाणं, ती म्हणाली, गाणं वेगळं लागेल. किती वेगळं ते तिला सांगता आलं नाही.

आता मुद्द्यावर येतो. रविवारी शिंप्याचा हात माझ्या कोपरावर पडला तेव्हा ती जागा ओळखीची वाटली. काल दुपारभर मी मोजत बसलो होतो. पहिली पंचवीस-सव्वीस वर्षं तू माझ्या कोपराला कधी हात लावला नाहीस. वखार सुटली त्या सुमारास सुरू केलंस. दर ओळीच्या शेवटी. आणि मी समजत होतो, तुझे गुडघे दुखतात म्हणून तू माझा आधार घेतोस. मी तेव्हा मुद्दाम घट्ट उभा राहायचो, तू पडू नयेस म्हणून. हिलाही सांगायचो, खर्जाला माझ्याशिवाय उभं राहता येत नाही.

तुला माहीत होतं तर हे काम माझ्या गळ्यात का घातलंस? की बोलायला तोंड झालं नाही? रागावून विचारत नाही. थोडा रागावून विचारतोय.

संचालिका म्हणते, सूर सोडण्याचं काम शिंप्याकडे द्या आणि तुम्ही रांगेत राहा, तो कोपर धरेल. म्हणाली, तुमचा सूर तुमच्या जागी पक्का आहे. ती भली बाई आहे, आणि अशा बाबतीत भल्या माणसाच्या शब्दावर भरवसा ठेवता येत नाही. पुढच्या गुरुवारी, सत्तावीस तारखेला, मी तिला उत्तर द्यायचंय. सोडण्याचं काम शिंप्याला दिलं, त्याचं मला काही वाटत नाही. खरं म्हणजे वाटतं, पण ते मी गिळीन. रांगेत राहायचं की नाही, हा प्रश्न आहे. मी जर बाकीच्यांच्या मध्ये खिळ्यासारखा वर येत असेन तर मला खाली बाकावर, हिच्या शेजारी बसलेलं बरं.

म्हणून एवढंच सांग. या शेवटच्या बारा वर्षांत माझा सूर लागत होता का? की तुझ्या आवाजाखाली झाकला जात होता म्हणून कुणाला कळलं नाही? शेजारी तू होतास, दुसऱ्या कुणाला हे सांगता येणार नाही. भीड ठेवू नकोस, ती बारा वर्षं ठेवलीस तेवढी पुरे. नाही म्हणालास तरी मी तुझ्याकडे यायचा तो येणारच आहे.

वही अर्धीही भरली नाही, तरी आजच टपालात टाकतो. फाडायची म्हटलेली पानं फाडली नाहीत.

सत्तावीसच्या आत कळव, गड्या. फोन करू नकोस, लिहून पाठव. मला ऐकू येत नाही.